सावडीवर चालणारी शेती

शहर सोडून गावी राहायला जाण्याचा विचार करणारे बहुतेकजण आधी उत्पन्नाची चौकशी करतात. माझ्या मते आधी सातबारा पाहावा. 1948 च्या कूळवहिवाट व शेतजमीन कायद्याच्या कलम 63 नुसार महाराष्ट्रात शेतकरी नसलेल्या माणसाला परवानगीशिवाय शेतजमीन विकत घेता येत नाही. भोर तालुक्यातील डोंगराळ भागात आमची वडिलोपार्जित भातखाचरे होती, म्हणूनच पुण्यातील नोकरी सोडून आम्हा नवरा-बायकोला येथे येता आले.

भाताचे बी निवडण्याचे काम घरच्या घरी होते. 10 लिटर पाण्यात 300 ग्रॅम मीठ विरघळवून त्यात बी ओतले की पोचट दाणे वर तरंगतात. ते काढून टाकायचे आणि तळाचे बी दोन-तीनदा स्वच्छ पाण्याने धुऊन सावलीत वाळवायचे. मात्र रोपे 21 ते 25 दिवसांची झाली आणि पावसाने खाचर भरले, की चिखलणी, रोपे उपटून मुठी बांधणे आणि लावणी हे सारे एका झपाट्यात उरकावे लागते, कारण रोप जून झाले की फुटवे कमी येतात. दोन माणसांच्या हातून हे होणे नाही.

येथे हे काम सावडीने होते. आज वाडीतील माणसे आमच्या खाचरात, उद्या आम्ही त्यांच्या. मजुरी कोणी घेत नाही, ज्याचे शेत त्याच्या घरचे जेवण, आणि कोणाचा किती दिवस फेडायचा राहिला हा हिशेब सर्वांच्या तोंडपाठ असतो. दोन-तीन काड्या चिमटीत धरून उथळ आणि सरळ कशा लावायच्या, हे मला शेजारच्या काकूंनी गुडघाभर चिखलात उभे राहून शिकवले.

आता आमचा तांदूळ, नाचणी आणि परसातील भाजी घरची असते. मीठ, तेल, साखर आणि औषधे विकत आणावी लागतात, आणि त्यात मला काहीच कमीपणा वाटत नाही. काळजी वाटते ती सावडीची, कारण वाडीतील तरुण शिरवळच्या कारखान्यांत कामाला जातात आणि लावणीला येणारे हात वर्षागणिक कमी होत आहेत. म्हणून गावी स्थायिक होण्याबद्दल विचारणाऱ्यांना मी उन्हाळ्यात नव्हे, आषाढात यायला आणि कोणाच्या तरी खाचरात दिवसभर लावणीला उतरायला सांगतो; पुढे आपल्या शेतात लागणारी माणसे तेथेच भेटतात.