मुलांना मीडिया शिकवता शिकवता पुस्तक कसं झालं – माझा अनुभव

मी मुलांना मीडिया शिकवते म्हटलं की समोरच्याला वाटतं मी मोबाईल सोडवायचे क्लास घेते. तसं काही नाही हो. व्हिडिओ, जाहिरात, बातमी कशी बनते, कोण बनवतं आणि त्यात काय दाखवलेलं नसतं हे मुलांनी स्वतः करून बघायचं, एवढंच काम. यात कोणी शिक्षकीतून येतं, कोणी ॲनिमेशनमधून, मी व्हिडिओ एडिटिंग करायचे तिथून आले. आणि या वर्कशॉपमधूनच पुढे लहान मुलांचं चित्रपुस्तक निघालं. बरेच जण विचारतात कसं जमवलं, म्हणून लिहिते.

आधी वर्कशॉपबद्दल, कारण सगळा माल तिथलाच. पुठ्ठ्याला खिडकी कापायची आणि ती डोळ्यासमोर धरून खोलीभर फिरायचं, झाला कॅमेरा. मग लेव्ह कुलेशॉव्ह या रशियन दिग्दर्शकाचा शंभरेक वर्षांपूर्वीचा प्रयोग, म्हणजे तोच एक निर्विकार चेहरा, पण पुढचं चित्र बदललं की बघणाऱ्याला चेहऱ्यावरचा भावही बदलल्यासारखा वाटतो, हा तर मुलांना जादूच वाटतो. स्टॉप मोशनला, म्हणजे वस्तू थोडी थोडी सरकवत फोटो काढून त्यांचं ॲनिमेशन करायला, मात्र पेशन्स लागतो, सेकंदाला १२ फोटो धरले तरी १० सेकंदांच्या ॲनिमेशनला १२० फोटो होतात. एक मात्र लक्षात ठेवा, जाहिरात आपल्याला काहीतरी विकायला बघतेय हे सात-आठ वर्षांच्या आतल्या बऱ्याच मुलांना नीट उमगत नाही, त्यामुळे वयाप्रमाणे ग्रुप वेगळे करावेच लागतात.

तर एका मुलीने ती पुठ्ठ्याची चौकट अशी धरली की टेबलावरचा नीट लावलेला कोपरा तेवढा दिसेल आणि खालचा सगळा पसारा गायब. बाकीच्यांना म्हणाली, बघा किती आवरलंय मी. मला पुस्तक तिथेच मिळालं. एका पानावर चौकटीतलं चित्र, पान उलटलं की चौकटीबाहेरचं सगळं. एडिटिंगमध्ये एका दृश्यावरून थेट दुसऱ्यावर जायचा जो कट असतो तेच काम पुस्तकात पान उलटणं करतं.

चित्रपुस्तक साधारण ३२ पानांचं असतं. छापताना मोठ्या कागदाला घड्या घालून पानं करतात, ती आठ-सोळाच्या पटीत येतात, म्हणून हा आकडा. त्यातून टायटल, कॉपीराइटचं पान वगैरे वजा केलं की गोष्टीला जेमतेम बारा-चौदा जोडपानं (समोरासमोरची दोन पानं) उरतात. म्हणून नुसतं टाइप करत बसू नका, आठ कोरे कागद मधोमध दुमडून पिना मारा, बरोबर ३२ पानं होतात, आणि त्यातच लिहा. कुठलं वाक्य पान उलटायच्या आधी यायला हवं ते हातात धरल्याशिवाय कळतच नाही.

मग ही डमी, म्हणजे हाताने केलेली कच्ची प्रत, मुलांवर तपासली. ‘सेसमी स्ट्रीट’ हा अमेरिकेतला लहान मुलांचा टीव्ही कार्यक्रम १९६९ मध्ये सुरू झाला, त्याच्या आधी एडवर्ड पामर नावाच्या मानसशास्त्रज्ञाने मुलांसमोर टीव्ही लावून बाजूला स्लाइड प्रोजेक्टर ठेवला होता, दर साडेसात सेकंदांना स्लाइड बदलायची आणि मूल टीव्हीवरून नजर कधी काढतं ते टिपून ठेवायचे. मी त्याचं गरिबाघरचं व्हर्जन केलं, मी वाचत होते, बाजूला लॅपटॉपवर चित्रं बदलत होती आणि मैत्रीण माना मोजत होती. मला धाकधूक होती कॅमेरा अँगलवाल्या पानांची, ती अवघड आहेत ना. तिथे कोणी हललं नाही! पण जिथे जिथे गोष्टीतली ताई ‘म्हणून आपण नेहमी विचार करावा’ टाइप बोलायला लागली तिथे सगळ्या माना लॅपटॉपकडे. ताईचं तोंड बंद केलं, मजकूर निम्म्यावर आला.

प्रकाशकाकडे खरी ओढाताण झाली ती नावावरून. पुस्तक वाचणार मूल पण विकत घेणार आईबाबा, त्यामुळे प्रकाशकांना नावात ‘स्क्रीन टाइम’ हवं होतं आणि मला नको होतं. शेवटी मोठ्यांसाठी मागे एक पान दिलं, नाव माझं राहिलं. चित्रकार बहुतेक वेळा प्रकाशकच निवडतो आणि ते बरंच आहे, माझी कितीतरी वाक्यं चित्रात आधीच दिसत होती, ती मग उडाली. (मुलगा पळतोय हे दिसतंय तर लिहायचं कशाला?) मुलांनी काढलेली चित्रं किंवा फोटो वापरणार असाल तर पालकांची लेखी परवानगी घ्याच, आणि त्या मुलालाही विचारा, मला एकाने सरळ नाही सांगितलं आणि ते चित्र गेलं नाही.

कॉन्ट्रॅक्ट वाचताना भाषांतर, ऑडिओ आणि ईबुकचे हक्क कोणाकडे जातायत ते आधी बघा, छापील पुस्तकाच्या नादात ते सुटतं. आणि ॲडव्हान्स (प्रकाशक आधीच देतो ते पैसे) हा रॉयल्टीतूनच, म्हणजे विक्रीतल्या लेखकाच्या वाट्यातूनच, वळता होतो, तो फिटेपर्यंत पुढचं काही हातात येत नाही, सो नोकरी किंवा वर्कशॉप लगेच सोडू नका. माझे चालूच आहेत, सध्या आवाजावर काम चाललंय, व्हिडिओ तोच ठेवून म्युझिक बदलायचं आणि मुलांना विचारायचं आता पुढे काय होणार.