डाव्या बाजूचं लिंबू

आपल्या पानात लिंबाची जागा ठरलेली आहे. वर मीठ, त्याच्या डावीकडे लिंबाची फोड, मग चटणी-कोशिंबीर. बोटांत धरून एकदा पिळली की फोडीचं काम संपलं. पोहे, साधं वरण, मिसळ, उसळ, सगळीकडे लिंबू राबतं, पण दुसऱ्याच्या हाताखाली. शनिवारी मिरच्यांबरोबर दुकानाच्या दारात टांगतात, तिथे तर चवीचाही संबंध नाही. खास लिंबाचा असा पदार्थ सांगा म्हटलं, तर लोणचं आणि सरबत यापुढे आपली गाडी सरकत नाही.

मला लेमन टार्ट आवडतो तो यासाठी. त्यात लिंबू यजमान असतं आणि बाकी सगळे त्याची मर्जी सांभाळतात.

पदार्थ फ्रेंच, पण सामान साधं. मैदा, लोणी आणि पिठीसाखरेचं खुसखुशीत कवच, आत अंडी, साखर, क्रीम आणि लिंबाच्या रसाचं कस्टर्ड. कस्टर्ड म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे पिवळी पावडर आणि केळ्या-डाळिंबाचं फ्रूट सॅलड येतं. त्या पावडरीत अंडं नसतंच. बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्डनं ती १८३७ साली तयार केली, बायकोला अंडं सोसत नव्हतं म्हणून. त्या बाईंचे आपल्या किती शाकाहारी घरांवर उपकार आहेत! टार्टमधलं कस्टर्ड मात्र अंड्याच्याच जोरावर उभं राहतं.

पाककृतीत लेमन, म्हणजे जाड सालीचं मोठं पिवळं लिंबू, लिहिलेलं असतं आणि मंडईत मिळतं कागदी लिंबू. याचं काहींना फार दुःख होतं. मला होत नाही. फ्लोरिडानं २००६ साली ज्या ‘की लाइम पाय’ला, म्हणजे टार्टच्याच भावाला, राज्याचा अधिकृत पाय म्हणून मान दिला, त्यातलं मूळ लिंबू आपल्या कागदी लिंबाच्याच जातीचं. आणि लेमन तरी कुठे परका? लेमन आणि लाइम, दोघांचाही बाप महाळुंग. आया वेगळ्या. महाळुंग म्हणजे कोल्हापूरच्या अंबाबाईच्या हातात असतं ते फळ. एवढं घराणं असताना आपण कमीपणा कशाला घ्यायचा?

तरी हातचे फरक करावे लागतात. कागदी लिंबू जास्त आंबट, म्हणून साखर जरा सढळ. साल नावाप्रमाणे कागदासारखी पातळ. ती किसताना किसणी नुसती फिरवायची, दाबायची नाही, कारण खालचा पांढरा पापुद्रा कडू. आंबटपणा रसात असला तरी वास सालीतल्या तेलात असतो, म्हणून आधी साल किसायची आणि मग लिंबू चिरायचं. तो कीस साखरेत घालून बोटांनी चोळला की साखर ओलसर होते आणि सगळ्या घराला कळतं आज काय चाललंय.

ऋतू म्हणाल तर पावसाळा. आंबे बहाराची, म्हणजे हिवाळ्याअखेरच्या फुलोऱ्याची, लिंबं तेव्हा बाजारात येतात, स्वस्त आणि रसाळ. उन्हाळ्यात ज्याची खरी गरज, तो हस्त बहार, म्हणजे पावसाळ्याअखेरचा फुलोरा, धरणं बागायतदाराला अवघड, कारण फुलोऱ्यासाठी झाडाचं पाणी तोडून जो ताण द्यावा लागतो, तो पावसात बसत नाही. म्हणून एप्रिल-मेमध्ये भाव चढतात. शिवाय उन्हाळ्यात लोणी मैद्यात मिसळायच्या आधीच वितळून बसतं. ते गार असेल तरच कवच खुसखुशीत होतं. एरवी पीठ मळताना आपल्याला घाम गाळायची सवय. इथे जितकं कमी मळाल तितकं बरं.

कवच आधी रिकामंच भाजायचं. ते फुगू नये म्हणून त्यावर बटर पेपर घालून वजनाला राजमा पसरायचा. हा राजमा नंतर शिजत नाही. तो आयुष्यभर हेच काम करतो. माझ्याकडे त्याची वेगळी बरणी आहे आणि तिच्यावर ‘खायचा नाही’ अशी चिठ्ठी आहे. पंधरा-वीस मिनिटांनी राजमा काढून तळ कोरडा, बदामी होईपर्यंत पुन्हा भाजायचं.

आता खरी गंमत. चार अंडी, दोनशे ग्रॅम साखर, सात-आठ लिंबांचा रस, पाऊण वाटी क्रीम. हलक्या हातानं ढवळायचं, फेस नको. गाळून कवचात ओतायचं आणि ओव्हन १४० अंशांच्या वर न्यायचा नाही. अंड्यातली प्रथिनं साठ-पासष्ट अंशांपासून एकमेकांना धरू लागतात. साखर आणि क्रीम त्यांना जरा थोपवून धरतात. मध्यभागी सत्तर अंशांच्या आसपास कस्टर्ड जमतं. त्याच्या फार पुढे गेलं की प्रथिनं आवळत जातात, पाणी सुटतं, वर भेग पडते आणि अंड्याचा वास लिंबावर मात करतो.

म्हणून कडेला घट्ट आणि मध्ये ताज्या खरवसासारखं थरथरत असताना टार्ट बाहेर काढायचा. ‘नीट शिजलं का बघ’ ऐकत वाढलेल्या माणसाला हे फार जड जातं. कच्चा काढल्यासारखा वाटतो. पण आतल्या उष्णतेवर तो बाहेरही शिजत राहतो, आणि दोन-तीन तास हात न लावता ठेवला की सुरी स्वच्छ बाहेर येते. ही थरथर ओळखणं मला सगळ्या पाककृतीत आवडतं. घड्याळ इथे उपयोगाचं नाही. ओव्हनचं दार उघडायचं, साचा जरासा हलवायचा आणि बघायचं.

आमच्या काकू अंडं खात नाहीत. त्यांच्यासाठी मी फ्लोरिडाच्या की लाइम पायचीच युक्ती वापरते, फक्त त्यातली पिवळी बलकं वगळून. कंडेन्स्ड मिल्कमध्ये लिंबाचा रस घातला की दूध फाटत नाही, दाट होतं. पनीर करताना जो आंबटपणा दूध फोडतो, तोच साखरेच्या गर्दीत त्याला नुसतं घट्ट करतो. त्यात थोडं क्रीम घालून फ्रिजमध्ये ठेवायचं, एवढंच. अंड्याच्या कस्टर्डची रेशमी धार त्याला नाही, चव जरा पेढ्याकडे झुकते. मला अंड्याचाच जास्त आवडतो, हे काकूंसमोर बोलत नाही.

काकूंनी मागच्या खेपेला दुसरा तुकडा घेतला आणि विचारलं, “अगं, दूध, साखर, लिंबू. हे सगळं उपासाला चालतंच की. खालचं तेवढं बिस्किट आडवं येतंय.”

“काकू, मैद्याशिवाय कवच कसं होणार?”

“राजगिऱ्याचं कर की.”

संकष्टी पुढच्या आठवड्यात आहे. राजगिऱ्याच्या पिठात गार लोणी घालून थोडं थापून पाहिलं. कडा तुटतात, पण तळ बऱ्यापैकी धरतो. शिंगाड्याचं पीठ थोडं मिसळून बघते.