परत आलेलं पान

वडील गेले, त्यांचा शाईचा खल माझ्याकडे आला आणि आई म्हणाली, "त्यांचं पान तेवढं मनोऱ्यावर पोचवून ये." पान म्हणजे शाईची कृती. काजळ किती, डिंक किती, खलायची किती दिवस. ते ताडपत्रावर कोरलं, कापडात गुंडाळलं, छातीशी बांधलं आणि दिंडीत उभा राहिलो. मनोऱ्यानं पान घेतलं की ते आपल्या डोक्यातून जातं, हे काय नव्यानं सांगायला नको. निघताना मला त्याचं काही वाटलं नव्हतं. पहिल्या मुक्कामाला, सगळे झोपल्यावर वाटलं.

पुढचे दिवस एकात एक मिसळलेत. चिखल, टाळ, ओली धोतरं, पुन्हा चिखल. माझ्या मागे एक गवंडीकाका होते. भजनात अर्धी मात्रा पुढे. भजन थांबलं की मनोऱ्याची माहिती सुरू. "आतला जिना गोल आहे बरं. खांबाकडे पायरी निमुळती होते. नेहमी भिंतीकडून चढायचं, भिंतीकडूनच उतरायचं." दिवसातून दहादा. मुखाने अक्षराचं नाव घेत होतो, पण मनात या माणसाचा घसा कधी बसतो याचीच वाट बघत होतो.

शाईचा डोह झाला. बोट बुडवून कपाळाला लावलं, गर्दीत शेजारच्याच्याही लागलं. रिंगण झालं. पाचव्या दिवशी खिंडीतून मनोरा दिसला आणि सगळी दिंडी जागच्या जागी खाली बसली. मी रडलो. मग चोपदारानं सांगितलं की अजून ९ दिवस आहेत, तेव्हा आपण एवढ्यात का रडलो याचा राग आला.

पांढऱ्या खड्यांच्या माळावर पायानं दगा दिला. सकाळी नदी उतरताना वहाणा भिजल्या होत्या. ओल्या चामड्यात ओली टाच, वरून ऊन. कातडी आधी मऊ पडली, मग घासत गेली. दुपारपर्यंत टाचेवर सुपारीएवढा फोड. मी पुढच्या पंजावर चालायला लागलो, त्यानं पोटऱ्या भरून आल्या. दिंडी पुढे, पताका पुढे, टाळांचा आवाजही पुढे. सावली कुठेच नाही. एका दगडावर बसलो आणि वडिलांशी भांडलो. तुमची शाई, तुमचं पान, आणि पाय माझे.

"काय रे, लंगडतोस?"

एक म्हातारी. पाठीला बोचकं, हातात काठी.

"काही नाही, आजी."

"काही नाही तर चाल की पुढे."

मी चाललो नाही. ती शेजारी बसली, माझा पाय सरळ मांडीवर घेतला. मी ओशाळलो, तिला त्याचं काही नव्हतं. बोचक्यातून सुई काढली, चकमक झाडून वात पेटवली, सुई लाल होईस्तो धरली, निवू दिली. दोरा तेलातून ओढून ओवला. फोडाच्या या कडेनं सुई आत, त्या कडेनं बाहेर. दुखलंच नाही. मग दोऱ्याची दोन्ही टोकं बाहेर ठेवून तो कापला. फोडातलं पाणी दोऱ्याच्या टोकाशी येऊन टपकायला लागलं.

"वात तेल ओढते ना, तसंच. आणि ही वरची साल ओढायची नाही. आतली कातडी धरेपर्यंत तीच तुझी पट्टी."

मग आम्ही बसून राहिलो. तिच्याकडचं पाणी संपवलं, ते बहुतेक मीच. विचारलं, पान कसलं आणलंय? तिनं दोऱ्याकडे बोट दाखवलं.

"हेच. याआधी ६ दिली. कसली होती ते मला विचारू नको. एक गाणं असावं. दळायला बसले की तोंड उघडतं आणि पुढे काही येतच नाही."

"मग देता कशाला?"

"आई गेली, तिची झाडपाल्याची सगळी औषधं तिच्याबरोबर गेली. एक सांगून गेली नाही. मला तिचा राग आला होता." काठी टेकून ती उठली. "अजून आहे."

मनोरा कसा दिसतो ते सगळ्यांना ठाऊक आहे. रांग अडीच दिवसांची. पायऱ्या मधोमध झिजून पसरट वाटीसारख्या झालेल्या. भिंतीतून पानांची कुजबुज, कडुनिंबाचा वास. वर शिळेवर पान ठेवलं. शिळेनं ते थोडा वेळ धरलं आणि परत सरकवलं.

"आहे," लेखनिक मान वर न करता म्हणाला. "११ जणांनी आणलंय. पुढे चला."

"पावसाळ्यात डिंक चिमूटभर कमी घ्यायचा, तेही आहे?"

"तेही आहे."

मागून रेटा आला. एवढं चालून हे! चिडलो होतो, आणि छातीवर पान परत बांधताना हात सुटल्यासारखे हलके झाले होते. वडिलांना हे काय तोंडानं सांगणार होतो, देव जाणे. खाली उतरताना पुढे गवंडीकाका होते. गप्प. खांबाकडच्या निमुळत्या कडेनंच उतरत होते. दुसऱ्या वळणावर पाय सटकला, तेव्हा मी दंड धरून त्यांना भिंतीकडे ओढलं.

परतीला ती पुन्हा त्याच माळावर भेटली. दगडावर बसून, टाच वर घेऊन, फोडाची साल नखानं सोलत होती.

"आजी, ओढू नका ती!"

"मग काय करू? ठणकतंय."

मी बोचकं मागून घेतलं. सुई होती, दोरा होता, तेलाची बुधली होती. ती त्या वस्तूंकडे कुणी तिच्याकडे ठेवायला दिल्यासारखं बघत होती. वात पेटवली. सुई धरली. तिचा पाय मांडीवर घेतला, तर तीच ओशाळली.

"कुणी शिकवलं रे तुला हे?"

मी दोरा ओवत होतो. दोनदा चुकला.