रशियन संगीतकारांवरची पुस्तके : वाचन-नोंदी, टप्पा दुसरा

सद्यःस्थिती : रिम्स्की-कोर्साकोव्हचे आत्मचरित्र पूर्ण. मुसोर्गस्कीवरचे वाचन 'बोरिस गोदुनोव्ह' या ऑपेराच्या आवृत्त्यांपर्यंत आले आहे. शोस्ताकोविचची पत्रे सुरू. प्रोकोफिएव्हची दैनंदिनी तूर्त बाजूला, कारण पुढे येईलच.

या विषयात पुस्तक हाती घेतले की पहिला प्रश्न एकच विचारायचा : मजकुरावर शेवटचा हात कुणाचा फिरला? रशियन संगीताइतकी 'दुरुस्त' केलेली हस्तलिखिते, गाळलेली पाने आणि नातेवाइकांनी संपादित केलेल्या आठवणी क्वचितच कुठे सापडतील. रिम्स्की-कोर्साकोव्ह 1908 मध्ये गेला. त्याचे आत्मचरित्र पुढच्या वर्षी पत्नी नादेझ्दाच्या संपादनाखाली काटछाट होऊन निघाले. 1923 चे इंग्रजी भाषांतर सुरुवातीच्या रशियन आवृत्तीवरून झालेले आहे, तर 1942 चे नंतरच्या, अधिक भरीव आवृत्तीवरून. दोन्हींचे पुनर्मुद्रण जुन्या पुस्तकांच्या बाजारात फिरते आणि मुखपृष्ठावरून काही कळत नाही, म्हणून शीर्षकपानामागचा मजकूर वाचूनच पैसे द्यावेत. दोन्ही मिळत असतील तर 1942 चीच घ्यावी.

तारखांचा घोळ आधी निस्तरून घ्यावा. रशियात फेब्रुवारी 1918 पर्यंत जुने पंचांग चालू होते. एकोणिसाव्या शतकातल्या तारखेत 12 दिवस मिळवायचे, विसाव्या शतकातल्या तारखेत 13. चायकोव्स्कीच्या सहाव्या सिंफनीचा पहिला प्रयोग जुन्या पद्धतीने 16 ऑक्टोबर 1893 ला झाला, नव्या पद्धतीने 28 ला. मृत्यू जुन्या पद्धतीने 25 ऑक्टोबर, नव्या पद्धतीने 6 नोव्हेंबर. म्हणजे मध्ये नऊच दिवस. पण एक तारीख एका चरित्रातून आणि दुसरी दुसऱ्यातून उचलली, तर अंतर तीन आठवड्यांचे दिसते. त्याच्या मृत्यूबद्दलचे सगळे वाद त्या मोजक्या दिवसांभोवती फिरतात, तेव्हा ही चूक महागात पडते. नोंदवहीत दोन रकाने आखावेत, जुनी तारीख आणि नवी तारीख, आणि पुस्तकात कोणती पद्धत आहे ते पहिल्याच पानावर लिहून ठेवावे. भाऊ मोदेस्तने लिहिलेले तीन खंडी चरित्र (1900 ते 1902) पत्रांसाठी आजही लागतेच, मात्र घरातली खासगी बाजू त्याने झाकलेली आहे हे धरून चालावे.

आता 'बोरिस'. या टप्प्यातला सर्वांत रसाळ भाग हाच. 1869 ची मूळ रचना सात प्रवेशांची. त्यात पोलंडचा अंक नाही आणि त्यातली नायिका मरीना नाही. 1871 मध्ये नाट्यगृहाच्या समितीने ती नाकारली. मोठी स्त्री-भूमिका नाही, हे त्याचे नेहमी सांगितले जाणारे कारण. 1872 च्या रचनेत पोलंडचा अंक आला, सेंट बासिलच्या चर्चसमोरचा प्रवेश गेला आणि शेवटी क्रोमीच्या जंगलातला बंडाचा प्रवेश जोडला गेला. पुढे 1896 मध्ये रिम्स्की-कोर्साकोव्हने वाद्यमेळ नव्याने बांधला, स्वरसंवाद गुळगुळीत केले आणि शेवटच्या दोन प्रवेशांची अदलाबदल केली. मूळ रचनेशी प्रामाणिक छापील आवृत्ती यायला संपादक पावेल लामचे 1928 चे काम उजाडावे लागले.

हातातले ध्वनिमुद्रण कोणत्या आवृत्तीचे, हे पुस्तिका न वाचताही ओळखता येते. शेवट ऐकायचा. क्रोमीमध्ये एकटा उरलेला युरोदिवी, म्हणजे तो खुळा साधू, रडत गातो आणि पडदा पडतो, तर 1872 ची रचना. शेवट बोरिसच्या मृत्यूवर होत असेल, तर त्याच्या आधी क्रोमी आहे का ते पाहायचे. असेल तर रिम्स्की-कोर्साकोव्हचा हात, आणि क्रोमीही नाही, पोलंडही नाही, तर 1869. काही प्रयोगांत चर्चसमोरचा प्रवेश आणि क्रोमी दोन्ही घेतात. तिथे पोरे युरोदिवीचा कोपेक (छोटे नाणे) हिसकावतात तो प्रसंग दोनदा येतो. ही मुसोर्गस्कीची चूक नव्हे. त्याने तो प्रसंग एका प्रवेशातून काढून दुसऱ्यात नेला होता, दोन्हीकडे ठेवला नव्हता. वाचताना शेजारी ठेवायला संचालक (कंडक्टर) गेर्गिएव्हचा 1869 आणि 1872 या दोन्ही रचनांचा एकत्र संच सर्वांत सोयीचा. दुसरा संचालक कारायान, त्याचे 1970 चे मुद्रण रिम्स्की-कोर्साकोव्हच्या रूपाचे आहे. ऐकायला भव्य, पण तुलनेत त्याची जागा ओळखून ऐकावे.

पुस्तकात 'बोरिस'मधल्या राज्यारोहणाच्या घंटांवर पानेच्या पाने येतात, ती पेटीवर पाच मिनिटांत उलगडतात (पांढरी एक म्हणजे C, काळ्या पट्ट्याही तिथूनच मोजायच्या). पहिला स्वरसमूह : काळी चार, पांढरी एक, काळी दोन, काळी तीन. दुसरा : पांढरी दोन, काळी तीन, पांढरी सहा, पांढरी एक. आलटून पालटून दाबा. पांढरी एक आणि काळी तीन दोन्हींत तशाच राहतात, बाकीचे स्वर त्यांच्याभोवती सरकतात. दोन्हींचे पाये (प्रत्येक समूहाचा पहिला स्वर) मात्र एकमेकांपासून बरोबर अर्ध्या सप्तकावर आहेत, म्हणून कान कुठेच टेकत नाही. झार सिंहासनावर चढतोय आणि पायाखाली जमीन नाही, हे त्या चार-चार स्वरांत आहे. स्वर एकदम दाबावेत, एकामागून एक नव्हे, नाहीतर घंटेचा नाद लागत नाही.

मुसोर्गस्कीच्याच 'पिक्चर्स ॲट ॲन एक्झिबिशन'ची तीच गत. 1874 ची पियानोरचना छापली गेली 1886 मध्ये, रिम्स्की-कोर्साकोव्हच्या संपादनात. बैलगाडीचा 'बिद्लो' हा तुकडा मूळ हस्तलिखितात पहिल्या स्वरापासून जोरात आहे. छापताना तो हलका सुरू होऊन वाढत जाणारा झाला. फ्रेंच संगीतकार राव्हेलने 1922 मध्ये वाद्यमेळ बांधला तो याच छापील प्रतीवरून, त्यामुळे जगभर गाडी दुरून येते. मुसोर्गस्कीची गाडी थेट अंगावर येते. आयएमएसएलपी या मोफत स्वरलिपींच्या संकेतस्थळावरून प्रत उतरवताना संपादकाचे नाव पाहावे, लामची आवृत्ती निवडावी.

प्रतींच्या हक्कांबद्दल थोडक्यात : भारतात निर्मात्याच्या मृत्यूनंतर 60 वर्षे हक्क राहतो. म्हणून रखमानिनोव्ह (मृत्यू 1943) आणि प्रोकोफिएव्ह (1953) मोकळे. स्ट्राविन्स्की (1971) आणि शोस्ताकोविच (1975) अजून नाहीत, त्यांचे छोटे स्कोअर (छापील स्वरलिपी) विकत घ्यावे लागतात.

शोस्ताकोविचबद्दल क्रम ठरवूनच वाचावे. 1979 चे 'टेस्टिमनी', म्हणजे सोलोमन व्होल्कोव्हने शोस्ताकोविचच्या आठवणी म्हणून छापलेले पुस्तक, सगळ्यांत चटकदार आहे, आणि नेमके म्हणूनच पहिले वाचू नये. संगीत-अभ्यासक लॉरेल फे यांनी 1980 मध्ये दाखवून दिले, की त्यातले कित्येक उतारे शोस्ताकोविचच्या आधी छापून आलेल्या लेखांशी जवळजवळ शब्दशः जुळतात, आणि त्याची सही असलेली प्रकरणारंभीची पाने हीच. उरलेल्या स्फोटक मजकुराला त्या सह्यांचा आधार राहत नाही. आधी फे यांचे 2000 चे चरित्र : कोरडे, पण तारखा पक्क्या. मग एलिझाबेथ विल्सन यांनी जमवलेल्या समकालीनांच्या आठवणी. मग मित्र इसाक ग्लिकमनला लिहिलेली पत्रे. 'टेस्टिमनी' त्यानंतर.

ग्लिकमनच्या पत्रांत 19 जुलै 1960 चे पत्र स्कोअर उघडूनच वाचावे. आठव्या क्वार्टेटच्या (चार तंतुवाद्यांच्या रचनेच्या) छापील अर्पणपत्रिकेत फॅसिझम आणि युद्धाचे बळी आहेत. पत्रात शोस्ताकोविच सांगतो, की ही रचना त्याने स्वतःच्याच स्मृतीला वाहिली आहे. आपल्याच कोणत्या रचना आत गुंफल्या त्याची यादीही देतो : पहिली आणि आठवी सिंफनी, पियानो त्रयी, चेलो कॉन्चेर्तो, 'लेडी मॅकबेथ' हा ऑपेरा, शिवाय एक जुने क्रांतिगीत. पेन्सिल घेऊन एकेक खूण करत जायचे. सुरुवात त्याच्या नावाच्या चार स्वरांची (जर्मन स्वरनावांत D, S, C, H) : पांढरी दोन, काळी दोन, पांढरी एक, खालच्या सप्तकातली पांढरी सात. आधी एकटा चेलो ते म्हणतो, मग बाकीची वाद्ये येतात. हे चार स्वर पेटीवर बोटांत बसले, की पुढच्या चारही भागांत ते आपोआप ऐकू येतात.

प्रोकोफिएव्हची दैनंदिनी 1907 ते 1933 एवढीच आहे. 'रोमिओ अँड ज्युलिएट' किंवा मॉस्कोतली अखेरची वर्षे शोधायला ती उघडली तर हाती काही लागत नाही. तरुणपणीच्या पियानो कॉन्चेर्तोंबरोबर वाचायला मात्र तिच्यासारखे दुसरे काही नाही. म्हणून तिची पाळी तेव्हा.

पुढचा टप्पा : संगीत-अभ्यासक तारुस्किन यांचे स्ट्राविन्स्कीवरचे 1996 चे दोन खंड. पहिल्या पानापासून भिडू नये, 'पेत्रुश्का' या बॅलेपासून धरावे. त्याआधी रिम्स्की-कोर्साकोव्हची आठ स्वरांची सरगम पेटीवर बसवून घ्यावी : सा, कोमल रे, कोमल ग, शुद्ध ग, तीव्र म, प, शुद्ध ध, कोमल नी. डाव्या हाताने सा-ग-प, उजव्याने तीव्र म-कोमल नी-कोमल रे एकदम दाबले, की 'पेत्रुश्का'चा प्रसिद्ध स्वरसमूह तयार, आणि त्याचे सहाही स्वर याच सरगमीतले आहेत. दोन्ही हात पट्ट्यांवर असल्याने भाता मारायला दुसरा माणूस लागेल, किंवा साधा कीबोर्ड घ्यावा.