तुम्ही विचारलंत म्हणून: हाच बँड का?

आवडता बँड कोणता, असं कुणी विचारलं आणि मी ‘सदर्न डेथ कल्ट’ म्हटलं, की पुढचा प्रश्न ठरलेला: ‘ज्यांचा स्वतःचा धड एक अल्बम नाही, तोच का?’

खरंय ते. १९८१ साली इंग्लंडमधल्या ब्रॅडफर्डला चौघं जमले, डिसेंबर १९८२ मध्ये एक सिंगल, म्हणजे दोन बाजूंना दोन गाण्यांची छोटी तबकडी, काढलं, ‘फॅटमॅन’ आणि ‘मोया’, आणि फेब्रुवारी १९८३ मध्ये सगळं आटोपलं. त्यांच्या नावाचा जो अल्बम मिळतो, तो मागाहून जुळवलेला: ते सिंगल, रेडिओसाठी वाजवलेलं काही, कार्यक्रमांतलं काही. मधल्या काळात ‘बाऊहाउस’ या बँडच्या आधी वाजवायला गावोगाव फिरले. संपलं चरित्र.

लोक ही गोष्ट गायकाच्या बाजूने सांगतात. इयन ॲस्टबरी, पोरवयात कॅनडात राहिलेला, अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांच्या कहाण्यांनी झपाटलेला, डोक्यात पिसं खोवून गाणारा. (पिसांचं मला आज जरा अवघडच वाटतं.) पुढे त्याने गिटारवाल्या बिली डफीला घेऊन ‘डेथ कल्ट’ काढला, १९८४ मध्ये नावातलं ‘डेथ’ गळलं, आणि ‘द कल्ट’ म्हणून ते स्टेडियमपर्यंत पोचले. त्यामुळे पहिला बँड म्हणजे नुसती पायरी, असा समज.

मी ऐकतो ते ड्रमसाठी. ‘मोया’ लावा आणि गिटारकडे लक्षच देऊ नका. खाली टॉम, म्हणजे ड्रमसेटमधले खोल आवाजाचे ढोल, घुमत राहतात, फिरून फिरून त्याच ठेक्यावर येतात. गॉथ, म्हणजे या बँडला चिकटवतात तो काळोख्या रॉकचा प्रकार, म्हटलं की थडगी, वटवाघळं, गोऱ्या चेहऱ्यावर आणखी पांढरी पावडर, हे डोळ्यासमोर येतं. इथे ड्रमवर आहे अकी नवाझ, कुरेशी आडनावाचा, ब्रॅडफर्डच्या पाकिस्तानी वस्तीतला. ते लोकरीच्या गिरण्यांचं गाव. पाकव्याप्त काश्मीरमधल्या मीरपूरकडून आलेली माणसं तिथे रात्रपाळ्या करत, आणि ही पोरं वयात येईपर्यंत गिरण्या एकेक करून बंद पडत होत्या. जुलै १९८१ मध्ये, म्हणजे बँड जमला त्याच वर्षी, पेट्रोल बॉम्ब बनवल्याच्या आरोपावरून तिथली बारा आशियाई पोरं धरली गेली. वर्णद्वेषी टोळ्या वस्तीवर चालून येतील म्हणून बनवले, असं त्यांनी कोर्टात सांगितलं, आणि ज्यूरीने त्यांना निर्दोष सोडलं. ते साल १९८२. त्याच वर्षी इकडे गिरणगावात संप सुरू झाला होता.

अकीने पुढे ‘नेशन रेकॉर्ड्स’ काढली, ‘फन-डा-मेंटल’ हा बँड उभा केला. ‘एशियन डब फाउंडेशन’ या बँडची पहिली तबकडी त्याच कंपनीची. ही रेघ ‘द कल्ट’च्या रेघेइतकीच त्या सिंगलमधून निघते, पण ती फारसं कुणी ओढत नाही.

आमचे बाबा गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागांवर, होते. संपात गेलेली नोकरी परत आली नाही. एकदा मी ‘मोया’ लावलं होतं, ते दारात येऊन उभे राहिले.

‘कोण बडवतोय हा?’

‘कुरेशी. ब्रॅडफर्डचा.’

‘गिरणीतला?’

‘गिरणीच्या गावातला.’

गाणं संपेपर्यंत ते तसेच उभे होते. मग म्हणाले, ‘पलटव.’