मुभा राखून मागे घेतलेली याचिका

वडिलांच्या पश्चात आमच्या सामाईक गटाच्या सातबाऱ्यावर चुलत्यांच्या लाभाचा जो फेरफार मंजूर झाला, त्याची नोटीस आम्हाला मिळालीच नव्हती. नोटीसच नाही म्हटल्यावर थेट उच्च न्यायालयात जायचे, हे मीच मनाशी ठरवून टाकले. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 च्या कलम 247 खाली प्रांताधिकाऱ्यांकडे अपील करता येते, हे वकीलसाहेबांनी तेव्हाच सांगितले होते. पण ‘प्रांताकडे वर्षानुवर्षे तारखाच पडतात’ हे माझे पालुपद होते.

रिट याचिका औरंगाबाद खंडपीठात दाखल झाली आणि चार महिन्यांनी दाखलपूर्व सुनावणीस आली. अपिलाची सोय असताना इकडे का आलात, हा न्यायमूर्तींचा पहिलाच प्रश्न होता. नैसर्गिक न्यायाचा भंग झाला असल्यास पर्यायी उपाय असूनही रिट ऐकता येते, असे आमच्या वकिलांनी मांडले. मात्र नोटीस बजावली की नाही हाच मुळात वस्तुस्थितीचा वाद असून त्यासाठी तलाठी दप्तर तपासावे लागेल, असे न्यायालयाचे म्हणणे पडले. रोख ओळखून वकीलसाहेबांनी मागे वळून माझ्याकडे पाहिले, मी मान हलवली आणि त्यांनी याचिका मागे घेण्याची परवानगी मागितली.

पुढची दोन मिनिटे मला सगळ्यांत मोलाची वाटतात. लघुलेखकाला ‘याचिका मागे घेतल्याने निकाली’ एवढे सांगून झाले होते. वकीलसाहेबांनी अदबीने विनंती केली, की अपील करण्याची मुभा, सर्व मुद्दे खुले ठेवल्याचा उल्लेख आणि येथे गेलेल्या काळाचा विचार व्हावा, ही तीनही वाक्ये आदेशात यावीत. ती आली. त्यांनी बाहेर व्हरांड्यात समजावले, की पुन्हा दाद मागण्याची मुभा न घेता मागे घेतलेल्या रिटनंतर त्याच कारणासाठी पुन्हा रिट करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सरगुजा ट्रान्सपोर्टच्या प्रकरणात 1986 सालीच स्पष्ट केले आहे; अपिलाचा मार्ग त्याने बंद होत नसला, तरी नुसते ‘निकाली’ वाचून समोरचा पक्ष हरकत घेणारच.

मुभा मिळाली म्हणजे मुदत मिळाली, असा माझा समज मात्र चुकीचा ठरला. फेरफार मंजूर करणाऱ्या मंडळ अधिकाऱ्याच्या आदेशावर अपिलाची मुदत 60 दिवसांची, आणि ती केव्हाच उलटली होती. चुकीच्या न्यायालयात गेलेला काळ मुदतीतून वगळणारे मुदत अधिनियमाचे कलम 14 अपिलाला जसेच्या तसे लागू होत नाही, त्यातील तत्त्व विलंबमाफीच्या अर्जात मांडावे लागते. म्हणून अपिलासोबत वेगळा अर्ज, प्रतिज्ञापत्र, याचिका दाखल केल्याची व मागे घेतल्याची तारीख आणि आदेशाची प्रमाणित प्रत जोडली. प्रांत कार्यालयातील लिपिकाने ‘मुदतबाह्य आहे’ म्हणून कागद परत सरकवले, तेव्हा मुभेच्या त्या ओळीवर बोट ठेवूनच ते दाखल करून घ्यावे लागले.

चुलत्यांनी विलंबाला हरकत घेतली होती. ती फेटाळली जाऊन विलंब माफ झाला आणि मूळ फेरफाराचे दप्तर मागवण्यात आले. नोटिशीच्या स्थळप्रतीवर माझ्या आईचा अंगठा दाखवलेला आहे. ती आयुष्यभर सही करत आली.