क्लिक कुठला, ट्रम्पेट कुठला

जुन्या तबकड्या डिजिटल करून देणं हा माझा व्यवसाय. नाट्यगीतं, भावगीतं, कुणाच्या आजोबांचं कीर्तन असं रोज काहीबाही येतं, जाझ क्वचितच. म्हणून अंकलनी पिशवीतून अमेरिकन जाझ ट्रम्पेटवादक आणि गायक लुई आर्मस्ट्राँगची 'हॅलो, डॉली!' ही एलपी काढली तेव्हा मी सरसावून बसलो. अंकल मूळचे गोव्याचे, ऐंशी ओलांडलेले. मुंबईत हॉटेलच्या बँडमध्ये आणि सिनेमाच्या रेकॉर्डिंगला ट्रम्पेट वाजवलेला. एलपी भावानं शिपवरून आणलेली.

तबकडी धुतली, पुसली, सुई टेकवली. बॅन्जो सुरू झाला आणि त्यावर तडतड, तव्यावर मोहरी टाकावी तशी. एक बाजू रेकॉर्ड करून घेतली, सॉफ्टवेअरला क्लिक, म्हणजे तडतडीचे ते आवाज, काढायला लावलं आणि स्वच्छ झालेलं गाणं अंकलना ऐकवलं.

लुईचं गाऊन झालं तसा त्याचा ट्रम्पेट आला. अंकलनी हात वर केला. "थांब रे बाबा. हा लुई नाही. याची जीभ कुठे गेली?"

मी दोन्ही फाइली एकाखाली एक लावून पाहिल्या. ट्रम्पेटवाला जिभेच्या टोकानं हवा सोडतो, तेव्हा सुराच्या तोंडाशी एक टोकदार उसळी येते. सॉफ्टवेअरनं तीच ओरखडा समजून घासून काढली होती. सूर होता, पण त्याची धार गेली होती. मला ते नुसतं ऐकून कळलं नव्हतं, हे खूप लागलं.

मग सगळं पुसून हातानं सुरुवात केली. एकेक क्लिक मोठा करून बघायचा, ऐकायचा, मगच काढायचा. अंकल शेजारी बसून सांगत होते, "हा कचरा. हा लुई, हात लावू नको."

मधे चहा आला तेव्हा ते बोलायला लागले. हे गाणं लुईनं डिसेंबर 1963 मध्ये रेकॉर्ड केलं, एका येऊ घातलेल्या संगीतिकेच्या जाहिरातीसाठी. वय 62, चार वर्षांपूर्वी इटलीत हृदयविकाराचा झटका येऊन गेलेला. रेकॉर्ड करून तो विसरूनही गेला. पुढे कार्यक्रमांत लोक 'डॉली, डॉली' ओरडायला लागले, तेव्हा बँडला ते नव्यानं बसवावं लागलं. मे 1964 मध्ये या गाण्यानं बीटल्सना अमेरिकेतल्या पहिल्या क्रमांकावरून खाली आणलं. मग एलपी निघाली, तीही पहिल्या क्रमांकावर गेली.

"आमच्यातलेच काही म्हणायचे, लुई बाजारू झाला," अंकल म्हणाले. आवाज चढला होता. "अरे, जाहिरातीचं गाणं, कुणी बघणारं नाही, तरी एकेक सूर जीव लावून वाजवलाय. ऐक ना!"

आपल्याकडे ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट यांना 'भारताचे लुई आर्मस्ट्राँग' म्हणत. सी. रामचंद्रांचं संगीत असलेल्या 'अलबेला' सिनेमात ते बँडसकट पडद्यावर दिसतात. अंकल पोरवयात त्यांना ऐकायला हॉटेलच्या मागच्या दारात उभे राहायचे.

अडीच मिनिटांच्या त्या एका गाण्याला संध्याकाळ झाली. शेवटी पुन्हा लावलं. तडतड जवळजवळ गेली होती, आणि ट्रम्पेट शिरला तो थेट कानाशी. अंकलचे डोळे मिटलेले, उजव्या हाताची तीन बोटं गुडघ्यावर व्हॉल्व्ह दाबत होती. लुईच्या बरोबरीनं, एकही न चुकता.

मी पैशांचं काही बोलायच्या आत त्यांनी तबकडी उलटून माझ्यापुढे ठेवली.

"उद्या ही बाजू. सकाळी दहाला येतो."